साडेसातची मालिका अडीचला: एका स्लॉटबदलाचा हिशोब

१८ मार्च २०२४ हा सोमवार. त्या दिवशी स्टार प्रवाहवर संध्याकाळी साडेसातला ‘घरोघरी मातीच्या चुली’ ही नवी मालिका सुरू झाली आणि त्या जागेवरची ‘आई कुठे काय करते’ दुपारी अडीचला गेली. २३ डिसेंबर २०१९ ला सुरू झालेली ही मालिका तोवर चार वर्षे ओलांडून गेली होती. दुपारी ती साडेआठ महिने चालली आणि ३० नोव्हेंबर २०२४ ला संपली. २ डिसेंबरपासून अडीचलाच ‘आई आणि बाबा रिटायर होत आहेत’ ही निवेदिता सराफ आणि मंगेश कदम यांची मालिका सुरू झाली.

मालिका दुपारी गेली की प्रेक्षक म्हणतात, तिला बाजूला सारले. कलाकारांनाही तसेच वाटते, कारण दुपारचा भाग म्हणजे कमी पैसे हे गणित त्यांना पाठ असते. पण शेवटची तारीख नीट पाहा. मालिका संपली तरी अडीचची वेळ बंद झाली नाही, पूर्वीसारखे रिपीट लागले नाहीत. त्या जागी नवी मालिका आली, तीही ओळखीच्या चेहऱ्यांची. आमच्या मते या बदलाचा गाभा इथे आहे. म्हाताऱ्या मालिकेच्या प्रेक्षकांना बोट धरून दुपारी आणायचे, त्यांना तिथे बसायची सवय लागली की ती जागा नव्या मालिकेला द्यायची. वाहिनीच्या बैठकीत काय ठरले हे बाहेरून कोणी सांगू शकत नाही, पण वेळापत्रक आणि हिशोब दोन्ही त्याच दिशेला बोट दाखवतात.

मालिकेची पत

गोष्ट मुळात बंगाली. स्टार जलसावर जून २०१९ मध्ये ‘श्रीमोयी’ सुरू झाली. घर, सासू-सासरे, मुले यांत गुंतलेली बाई, नवऱ्याचे बाहेर प्रकरण, आणि मग तिचे स्वतःच्या पायावर उभे राहणे. सहा महिन्यांत ती मराठीत आली आणि जुलै २०२० मध्ये हिंदीत ‘अनुपमा’ झाली. मराठी आणि हिंदी दोन्ही आवृत्त्या राजन शाही यांच्या डायरेक्टर्स कट प्रॉडक्शनच्या. तेलुगू, तमिळ, मल्याळम आणि कन्नडमध्येही त्याच स्टार समूहाच्या वाहिन्यांवर ती आली.

याचा आर्थिक अर्थ समजून घ्यायला हवा. नवी मालिका हा जुगार असतो. वनलाईन (गोष्टीचा थोडक्यात आराखडा), पायलट (नमुन्याचा भाग), कलाकारांच्या लूक टेस्ट, सेट, प्रोमो असा सगळा खर्च आधी होतो आणि रेटिंगचा पहिला आकडा हाती येतो तो प्रक्षेपणानंतर दुसऱ्या आठवड्यात. एका भाषेत चाललेली गोष्ट दुसरीत आणली की निदान पहिल्या शंभर भागांचा नकाशा तयार मिळतो. कोणत्या वळणावर आकडा वर गेला, कोणता ट्रॅक, म्हणजे कथानकाचा धागा, लोकांनी नाकारला, हे आधीच्या भाषेतल्या आकड्यांवरून कळते. कथेचे हक्क बहुधा वाहिनीकडेच असतात. निर्माता हा ठरलेल्या दराने भाग बनवून देणारा कंत्राटदार असतो. मालिका गाजली म्हणून रिपीटचे किंवा दुसऱ्या भाषेतल्या आवृत्तीचे पैसे त्याला आपोआप मिळत नाहीत. सात-आठ भाषांत वाहिन्या असलेल्या समूहापुढे एकट्या मराठी वाहिनीला टिकणे अवघड जाते, त्याचे मोठे कारण हे. झी मराठी, म्हणजे १९९९ ची अल्फा मराठी, बरीच वर्षे पुढे होती. २००८ मध्ये आलेल्या प्रवाहने तिला मागे टाकले ते २०२० च्या टाळेबंदीनंतरच्या काळात, आणि तेव्हाच्या प्रवाहच्या बऱ्याच मालिका अशाच दुसऱ्या भाषांतून आलेल्या होत्या.

पण उसनी गोष्ट कधीतरी संपते. ‘आई कुठे काय करते’ची नायिका अरुंधती घटस्फोट घेते, गाते, पुन्हा लग्न करते. पहिल्या भागात प्रेक्षकाच्या मनात जो प्रश्न पेरला होता त्याचे उत्तर देऊन झालेले असते. त्यानंतर मालिका चालते ती पात्रांच्या ओळखीवर. आकडा एका दिवसात कोसळत नाही, प्रत्येक तिमाहीत थोडा थोडा झिजतो. वाहिनीला निर्णय घ्यायचा असतो तो झीज दिसू लागल्यावर, तळ गाठल्यावर नव्हे. तळ गाठलेल्या मालिकेकडे दुसऱ्या वेळेला घेऊन जायला प्रेक्षकच उरत नाहीत.

साडेसात ही वेळ

मुंबईत साडेसातला घरातला मिळवता माणूस बहुधा लोकलमध्ये असतो. कल्याण, विरार, पनवेलच्या घरांत तो पोचेपर्यंत साडेआठ वाजतात. घरात असते ती स्वयंपाकाला लागलेली बाई, अभ्यासाला बसवलेली मुले आणि टीव्हीसमोरचे सासू-सासरे. म्हणजे साडेसातची मालिका अर्धी पाहिली जाते आणि अर्धी ऐकली जाते. संवाद भरपूर, प्रत्येक पात्राला नावाने हाक, धक्का बसला की तीनदा ठेका, हे सगळे काही दिग्दर्शकाच्या हौसेपायी नसते. कुकरच्या शिट्टीतून गोष्ट कळली पाहिजे.

गावाकडे चित्र वेगळे. जेवणे लवकर, त्यामुळे साडेसात ते साडेआठ हीच भरगच्च वेळ. हा फरक पूर्वी मोजणीत दिसतच नसे. २०१५ मध्ये बार्क या टीव्हीचे रेटिंग मोजणाऱ्या संस्थेची मोजणी सुरू झाली, त्याच वर्षी ग्रामीण घरेही त्यात आली, आणि मराठी वाहिन्यांनी आपला प्राइम टाइम सातच्या आसपास सरकवला. पुण्या-मुंबईच्या प्रेक्षकाला आवडणारी रात्री साडेनऊची हलकीफुलकी मालिका मागे पडली, ती याच सुमारास.

वाहिनीसाठी साडेसातची जागा आणखी एका कारणाने महाग असते. संध्याकाळच्या रांगेतली ती आधीची कडी. साडेसातला आलेला प्रेक्षक रिमोट हातात घेत नाही, तोच आठला आणि साडेआठला मिळतो. इथे आकडा घसरला की पुढच्या तीन मालिकांना सुरुवातीचे लोक कमी पडतात. म्हणून थकलेली मालिका साडेदहाला चालवून घेता येते, साडेसातला नाही.

आता तारीख. २२ मार्चला आयपीएल सुरू झाली. सामने साडेसातचे, त्यानंतर जूनमध्ये टी-ट्वेंटी विश्वचषकातले भारताचे सामने रात्री आठला. एका टीव्हीच्या घरात रिमोट कोणाकडे जातो हे सांगायला नको. अशा वेळी नवी मालिका का आणावी? प्रथमदर्शनी हा वेडेपणा वाटतो. पण बदलाचा उलटा विचार करा. क्रिकेटचा फटका जुन्या मालिकेला बसला असता तर तिच्याकडे दुपारी न्यायला आणखी कमी लोक उरले असते. नव्या मालिकेच्या गोष्टीत मात्र जोर असतो, प्रोमोचा पैसा मागे असतो, आणि आयपीएल संपेपर्यंत पन्नास-साठ भाग घरात शिरलेले असतात. शिवाय आयपीएलचे टीव्ही हक्क तेव्हा त्याच समूहाकडे होते. एका खिशातून गेलेला प्रेक्षक दुसऱ्या खिशात जमा होत होता.

चार वाटा

जुन्या मालिकेचे काय करायचे याला चार वाटा होत्या. पहिली, १६ मार्चच्या शनिवारी बंद करणे. यात चार वर्षांत जमवलेला प्रेक्षक एका दिवसात विखुरतो आणि त्यातला काही थेट समोरच्या वाहिनीवर जातो.

दुसरी, साडेसहा. दिवेलागणीची वेळ, मुले खेळून येतात, बाई भाजी आणायला गेलेली असते. शहरात ही वेळ पातळ आहे. त्यातून साडेसातच्या नव्या मालिकेआधी तासभर जुन्याच मालिकेचा प्रेक्षक ओढायचा, म्हणजे रांगेच्या तोंडाशी पुन्हा थकलेली कडी.

तिसरी, रात्री साडेदहा-अकरा. शहरातला प्रेक्षक जागा असतो, पण तो हातात मोबाइल घेऊन. गाव झोपलेले. आणि ही मालिका बघणारी बाई सकाळी साडेपाचला डब्याच्या गडबडीला उठते.

चौथी, दुपार. इथे प्रवाहकडे एक गोष्ट तयार होती. दीडला ‘मुरांबा’, दोनला ‘शुभ विवाह’ अशी नव्या भागांची दुपारची रांग आधीच लागलेली होती. अडीचची मालिका त्या रांगेला जोडली की दोनच्या मालिकेचा प्रेक्षक अर्धा तास अधिक थांबतो. एकट्या पडलेल्या वेळेत मालिका टाकणे आणि चालत्या रांगेला जोडणे यांत जमीन-अस्मानाचा फरक असतो.

याचा पुरावा हिंदीत मिळतो. स्टार प्लसने ३ एप्रिल २०१७ ला दुपारची पट्टी सुरू केली, एकदम चार मालिका घेऊन. सप्टेंबरअखेर पट्टी बंद झाली. त्या चारांतली जी मालिका नंतर संध्याकाळी नेऊन पुढे चालवली गेली, ती ‘दिया और बाती हम’ची पुढची पिढी होती, म्हणजे तिच्यामागे आधीचा प्रेक्षक होता. बाकीच्यांना दुपारी शून्यातून लोक जमवायचे होते. दुपारी प्रेक्षक नसतो हा निष्कर्ष त्यावरून काढला गेला आणि तो बरीच वर्षे प्रमाण मानला गेला. खरे तर चार नव्या मालिका एका दिवशी दुपारी आणल्या की लोक येत नाहीत, एवढेच त्यातून सिद्ध झाले होते.

पैशाचे गणित

पुढचे आकडे कोणत्याही वाहिनीच्या वहीतले नाहीत. पद्धत कळावी म्हणून गोल आकडे धरले आहेत.

कायद्याने तासाला जास्तीत जास्त १२ मिनिटे जाहिराती दाखवता येतात, त्यांतली १० विक्रीची आणि २ वाहिनीच्या स्वतःच्या प्रोमोची. अर्ध्या तासाला विक्रीची ५ मिनिटे, म्हणजे १० सेकंदांचे ३० तुकडे. उरलेल्या वेळेत शीर्षक, मागील भागाची झलक, पुढच्याची झलक वजा करून मालिका २२ मिनिटांची. जाहिरातदार सहसा एका रेटिंग पॉइंटमागे १० सेकंदांना किती, या दराने सौदा करतो. तो दर २,००० रुपये धरू.

संध्याकाळी रेटिंग ६ असेल तर १० सेकंदांचे १२,००० रुपये. ३० तुकड्यांपैकी ८० टक्के विकले गेले तर भागामागे २ लाख ८८ हजार. भागाचा खर्च २ लाख धरला तर ८८ हजार उरतात. हेच रेटिंग झिजून ४ वर आले की उत्पन्न १ लाख ९२ हजार, म्हणजे ८ हजारांचा तोटा. खर्च तोच राहतो, कारण कलाकारांचे करार आणि सेटचे भाडे रेटिंगनुसार घटत नाही.

दुपारी रेटिंग २ धरा. १० सेकंदांचे ४,०००, आणि दुपारचे तुकडे ६० टक्केच विकले जातात असे धरले तर भागामागे ७२ हजार. पूर्वी त्या वेळेत रिपीट लागत असे, त्याचे रेटिंग ०.८ धरले तर २८,८०० मिळत आणि खर्च जवळपास शून्य. म्हणजे नव्या भागामुळे वाढले फक्त ४३,२०० रुपये आणि त्यासाठी खर्च, निर्मात्याने कितीही पोट आवळले तरी, लाख-सव्वालाख. सरळ तोटा.

मग करतात कशासाठी? तोटा भरून निघतो तो तीन ठिकाणांहून, आणि तिन्ही भागाच्या हिशोबात दिसत नाहीत. पहिले, साडेसातची जागा मोकळी झाली. तिथे ४ चे पुन्हा ६ झाले तर रोज ९६ हजारांचा फरक पडतो. दुपारचा तोटा हा त्या बदलाचा खर्च म्हणून मांडला तर गणित बदलते. दुसरे, आठवड्याचे एकूण जीआरपी, म्हणजे सगळ्या रेटिंग पॉइंटांची बेरीज. मोठे जाहिरातदार वर्षाचा सौदा वाहिनीच्या एकूण वजनावर करतात. दुपारचे आठवड्याचे १२ पॉइंट त्या वजनात जमा होतात आणि पहिला-दुसरा नंबर ठरवताना उपयोगी पडतात. साबण, चहा, मसाले, केसांचे तेल विकणाऱ्यांना दुपारची गृहिणी हवीच असते, फक्त ती स्वस्तात हवी असते. तिसरे, तोच भाग रात्री उशिरा किंवा दुसऱ्या दिवशी सकाळी रिपीट होतो, ॲपवर पडून राहतो, आणि त्याचे वेगळे पैसे निर्मात्याला द्यावे लागत नाहीत.

वर्गणीचे उत्पन्न या चर्चेत मुद्दाम घेतलेले नाही. २०१९ च्या नव्या दररचनेपासून ग्राहक वाहिनीवार किंवा पॅकनुसार पैसे भरतो. पॅकमध्ये बसणाऱ्या वाहिनीची किंमत १९ रुपयांपर्यंतच असू शकते आणि त्यातला किमान २० टक्के वाटा केबल किंवा डिशवाल्याकडे जातो. हे पैसे महिन्याचे ठरलेले. घरातल्यांनी साडेसातला पाहिले की अडीचला, यावर ते हलत नाहीत. वाहिनी घरात ठेवायचीच असे वाटायला एखादी तरी मालिका लागते, एवढाच त्याचा स्लॉटशी संबंध.

सेटवर काय बदलते

मुंबईतली मराठी मालिकांची कामे गोरेगावची चित्रनगरी, मीरा रोड-काशीमिरा, नायगाव, घोडबंदर, मढ अशा पट्ट्यात चालतात. एका सेटवर दिवसाला एक भाग काढायचा हे उद्दिष्ट. १२ तासांची शिफ्ट, दोन ते तीन कॅमेरे. मालिका दुपारी गेली की वाहिनी भागाचा दर खाली आणते आणि ती कात्री कुठे कुठे लागते ते ठरलेले असते.

आधी बाहेरची चित्रीकरणे जातात. रस्ता, रुग्णालय, मंगल कार्यालय यांचे प्रसंग फोनवरच्या संवादात उरकले जातात. मग पात्रे. ज्येष्ठ कलाकारांचा करार महिन्याला किमान इतके दिवस अशा हमीचा असतो. नव्या करारात ते दिवस घटतात, म्हणून आजी-आजोबा अचानक गावाला जातात किंवा काकाला परदेशात नोकरी लागते. प्रेक्षकांना हे कथानक वाटते, आतल्यांना तो कॉलशीट, म्हणजे कोणी कोणत्या दिवशी चित्रीकरणाला यायचे याचा कागद, असतो. तिसरी कात्री कपडेपटावर आणि सणांच्या विशेष भागांवर. शेवटी कॅमेरा कमी होतो आणि तेव्हा मात्र काम लांबते. दोन बाजूंचे क्लोजअप वेगवेगळे घ्यावे लागतात, शिफ्ट १२ ची १४ तासांवर जाते, वाचवलेले पैसे ओव्हरटाइममध्ये जातात. अनुभवी कार्यकारी निर्माता सगळे कमी करील, पण कॅमेऱ्याला हात लावणार नाही.

जुन्या मालिकेची एक जमेची बाजू असते: सेटचा खर्च कधीच वसूल झालेला असतो. या मालिकेतल्या देशमुखांचा ‘समृद्धी’ बंगला चार वर्षे रोज दिसला. नव्या मालिकेला असे घर उभारायचे म्हणजे सुरुवातीलाच मोठी रक्कम, ती पुढच्या भागांवर वाटून काढायची, आणि मालिका शंभर भागांत आटोपली तर उरलेली रक्कम बुडीत. कमी उत्पन्नाच्या वेळेत जुनी मालिका परवडते आणि नवी सहजी परवडत नाही, याचे हे साधे कारण.

बँक हा आणखी एक नाजूक भाग. प्रक्षेपणाच्या आधी तयार असलेल्या भागांचा साठा म्हणजे बँक. स्लॉट बदलताना चार ते सहा भागांची तरी बँक हवी, कारण वेळ बदलली की भाग वाहिनीकडे पोचवण्याची मुदतही बदलते. साडेसातच्या मालिकेचा भाग अगदी ओढाताणीत त्या दिवशी दुपारीही गेलेला असतो. अडीचच्या मालिकेला ती सोय नाही. भाग आदल्या रात्रीच तपासून, आवाजाची पातळी आणि वाहिनीचे निकष पार करून गेलेला असला पाहिजे. शिवाय ॲपवर तो टीव्हीच्या आधी टाकायचा असेल तर मुदत आणखी अलीकडे येते. पहिल्या आठवड्यात इथेच घोळ होतात. संकलक रात्रभर जागतो, पार्श्वसंगीत घाईत लागते, एखादा प्रसंग रंगदुरुस्तीविना जातो.

मानधनाची पद्धत मात्र स्लॉटनुसार बदलत नाही. प्रक्षेपणानंतर ९० दिवसांनी पैसे, ही धंद्यातली रूढ मुदत. १८ मार्चपासून कमी झालेला दर कलाकाराच्या खात्यात जूनमध्ये जाणवतो. तोवर घराचे हप्ते जुन्या दराच्या भरवशावर सुरू असतात.

आकडा वाचताना

बार्कच्या मोजणीत निवडक घरांत मीटर बसवलेले असतात. देशभरात त्यांची संख्या पन्नास हजारांच्या वर आहे. वाहिनीच्या आवाजात कानाला न जाणवणारी खूण मिसळलेली असते, मीटर ती ओळखतो. घरातल्या प्रत्येकाने टीव्हीपुढे बसताना आपले बटण दाबायचे. आठवडा शनिवार ते शुक्रवार आणि आकडे पुढच्या गुरुवारी.

आता १८ मार्चला हे लावून पाहा. पहिला आठवडा १६ ते २२ मार्च. त्यातला शनिवार जुन्या वेळेचा, सोमवारपासून नवी वेळ. मालिकेच्या नावाने सरासरी काढली तर आकडा भेसळीचा. दुसरा आठवडा २३ ते २९ मार्च, त्यात २५ ला धुळवड आणि २९ ला गुड फ्रायडे. घरात पुरुष आणि मुले, दुपारी रिमोट भलत्या हातात. खऱ्या अर्थाने स्वच्छ आठवडा ३० मार्च ते ५ एप्रिल, आणि त्याचा आकडा हाती येतो ११ एप्रिलला. म्हणजे बदलानंतर साडेतीन आठवडे कोणीही काही ठरवू नये. प्रत्यक्षात पहिल्याच गुरुवारी फोन सुरू होतात.

त्यानंतर उन्हाळी सुट्टी. मुंबईतल्या कितीतरी बायका मे महिन्यात मुलांना घेऊन गावी जातात आणि ज्या राहतात त्यांच्या टीव्हीवर कार्टून चालते. त्यामुळे एप्रिल-मेमधला दुपारचा आकडा जूनच्या मध्यावर शाळा सुरू झाल्यानंतरच्या आकड्याशी जोडून पाहू नये. २०२४ मध्ये भरीला लोकसभेच्या निवडणुका होत्या आणि ४ जूनचा निकालाचा दिवस होता, त्या दुपारी मनोरंजन वाहिन्यांची मोजणी करण्यात अर्थच नव्हता.

दुपारच्या मोजणीला एक अंगचा दोष आहे. पाहणारे कमी, म्हणजे नमुन्यातली घरेही कमी. संध्याकाळी दहा-वीस घरे इकडेतिकडे झाली तर फरक पडत नाही, दुपारी तेवढ्याच घरांनी रेटिंग ठळकपणे हलते. त्यात दुपारी टीव्हीपुढे एकटी बाई बसते आणि बटण दाबायला विसरते. म्हणून दुपारच्या मालिकेचा चार आठवड्यांचा सरकता सरासरी आकडाच वाचायचा असतो. एका आठवड्यात ०.३ ने वाढले म्हणून जोरात आणलेला ट्रॅक पुढच्या आठवड्यात आपटतो, तो बहुधा मुळात वाढलेलाच नसतो.

प्रेक्षक कुठे गेला

या मालिकेच्या बाबतीत तीन गट वेगळे काढता येतात. घरी असणारी पन्नाशीच्या पुढची बाई दुपारी आली. जेवणानंतर भांडी आवरून ती निवांत बसते आणि संध्याकाळपेक्षा लक्ष देऊन बघते. दुपारच्या मालिकांत शांत, लांब प्रसंग चालून जातात ते त्यामुळे. नोकरी करणारी बाई दुपारी येऊच शकत नाही. तिने मालिका सोडली किंवा ती परतीच्या लोकलमध्ये ॲपवर पाहू लागली. तिचे पाहणे टीव्हीच्या रेटिंगमध्ये उमटत नाही. तिसरा गट साडेसातलाच बसून राहिला. त्याची सवय मालिकेची नव्हती, त्या वेळेची होती, आणि नव्या मालिकेला पहिले प्रेक्षक मिळाले ते याच गटातून.

मधला गट सगळ्यात मोलाचा आणि टीव्हीच्या हिशोबात सगळ्यात अदृश्य. कमावती, शहरी, जाहिरातदारांना हवी असणारी. देशाचा विचार केला तर पैसे भरून टीव्ही बघणारी घरे २०१८ मध्ये १५ कोटी १० लाख होती, ती २०२४ मध्ये ११ कोटी १० लाखांवर आली. काही फ्री डिशकडे गेली, जिथे पेटीचे पैसे एकदाच भरायचे, काही मोबाइलकडे. २०२४ मध्येच डिजिटल माध्यमांचे उत्पन्न टीव्हीच्या पुढे गेले. अशा काळात घरी असलेल्या प्रेक्षकाकडून दिवसाचे आणखी तास मिळवणे हा वाहिनीपुढचा स्वस्त मार्ग आहे. संध्याकाळचे तास भरलेले आहेत, राहिली दुपार.

मात्र हे सगळीकडे लागू पडेल असे समजू नये. या प्रकरणात तीन गोष्टी एकत्र होत्या: दुपारी आधीपासून चालणारी रांग, घरी असणाऱ्या बाईला आपली वाटणारी नायिका, आणि झीज सुरू झाली तरी प्रेक्षक शिल्लक असण्याचा टप्पा. कॉलेजच्या प्रेमकथेची मालिका अशी हलवली तर तिचा प्रेक्षक त्या वेळी वर्गात असतो. गुन्हेकथेला अंधार लागतो. आणि समोरच्या वाहिनीनेही दुपारी नव्या भागांची रांग लावली की उत्पन्न दोघांत विभागते, खर्च मात्र दोघांनाही पूर्ण पडतो.

मालिका संपण्याच्या पंधरा दिवस आधी, १४ नोव्हेंबर २०२४ ला, स्टार इंडिया आणि वायाकॉम १८ यांचे मनोरंजन व्यवसाय एकत्र आले. त्यामुळे स्टार प्रवाह आणि कलर्स मराठी एकाच घरच्या झाल्या. जाहिरातदाराशी सौदा करताना दोन्हींचे जीआरपी एकत्र मांडता येतात, आणि एकीच्या दुपारी दुसरीने मालिका लावायची की नाही हा आता घरातला प्रश्न झाला आहे. निर्मात्यांसाठी मात्र मराठीतली मोठी गिऱ्हाईके एकने कमी झाली. भागाचा दर ठरवायला बसताना ‘समोरची वाहिनी इतके देते’ हे वाक्य पूर्वीइतके वजनदार राहिलेले नाही.